खाट घेऊन जा, बरे होऊन आणून द्या

वापरून झालेली वस्तू नुसतीच परत येते असं कुणाला वाटत असेल, तर त्याने एकदा भिवंडीत सलीमभाईंच्या शेडमध्ये येऊन बसावं. आमच्याकडची प्रत्येक वस्तू परत येते ती किस्सा घेऊनच. वस्तू पुसून ठेवता येते. किस्सा कुठे ठेवायचा? जागा संपली, म्हणून तुम्हाला सांगतो.

आधी आम्ही कोण ते ऐका. सलीमभाई म्हणजे पिढीजात लूममालक, कापडाचे यंत्रमाग चालवणारे. धंदा परवडेना, तसे त्यांनी लूम भंगारात काढले आणि रिकाम्या शेडमध्ये एकटेच बसू लागले. "खटखट बंद झाली ना पाटील, तर बायको काय बोलते ते सगळं ऐकू यायला लागलं!" ही त्यांची तक्रार.

पाटील म्हणजे मी. त्यांच्याच कारखान्यात शिफ्ट सुपरवायझर होतो, त्यामुळे मालक आणि नोकर एकाच दिवशी बेकार. सकाळी दाढी करायची, पण कशासाठी करायची ते कळायचं नाही.

तिसऱ्या भारतीताई. सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. त्या रिटायर झाल्या, आवाज अजून ड्युटीवर आहे. एकदा शेडमध्ये आल्या आणि म्हणाल्या, "पेशंटला घरी सोडतात, पण घरी त्याला खाट कुठली, वॉकर कुठला? आणि इकडे लोकांच्या माळ्यावर हेच सामान धूळ खातंय. तुमच्याकडे जागा आहे. गोळा करा, ज्याला लागेल त्याला द्या."

"बघू," आम्ही म्हणालो.

"बघू नका. उठा!"

उठलो. अजून बसलेलो नाही.

* * *

पहिला झटका दिला तो कमोडच्या खुर्चीने. स्टीलची खुर्ची, मऊ सीट, सीटखाली भांडं. एका आजींसाठी दिली होती. त्या कशा आहेत बघायला भारतीताई गेल्या, तर हॉल पाहुण्यांनी भरलेला. नातीला बघायला मुलाकडची मंडळी आली होती. माणसं जास्त, खुर्च्या कमी. म्हणून कुणीतरी आजींची खुर्ची घासूनपुसून बाहेर आणली होती, आणि तिच्यावर मुलाचे थोरले काका पोह्यांची बशी घेऊन ताठ बसले होते.

ताईंना बघून घरच्यांचे चेहरे पांढरेफटक. काका मात्र सज्जन माणूस. "या, या, तुम्ही इथे बसा. फार आरामशीर खुर्ची आहे!" म्हणत उठायलाच लागले. सीटची कड त्यांच्या झब्ब्यात अडकली होती. ते उठले असते तर सीटही उठली असती, आणि मग सगळंच दिसलं असतं.

ताई वॉर्डातल्या आवाजात ओरडल्या, "उठायचं नाही! बसून राहा!"

काका बसले. बोलणी संपेपर्यंत हलले नाहीत. लग्न जमलं. काका अजून सांगतात, "मुलीकडची एक बाई फार कडक होती. पण पाहुण्याला मान द्यावा तर तिनेच!"

* * *

दुपारी सलीमभाई शेडमधल्या एखाद्या खाटेवर आडवे होतात. विचारलं तर म्हणतात, "टेस्टिंग चाललंय." मच्छर फार, म्हणून डोक्यापासून पायापर्यंत पांढरी चादर.

एकदा एक गृहस्थ वडिलांसाठी खाट न्यायला आले. दारातच थबकले. चपला काढल्या, हात जोडले आणि मला हळूच विचारलं, "कधी झालं?"

मी तोंड उघडायच्या आत चादरीखालून आवाज आला, "जेवलो आणि लगेच!"

गृहस्थ अनवाणी पळाले. आम्ही खाट त्यांच्या घरी पोचवली, वर चपला ठेवून.

* * *

जवळच्या खारबाव गावचा किस्सा मात्र हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. निदान सुरुवातीला.

तिथल्या एका म्हातारीच्या खुब्याचं ऑपरेशन झालं होतं. मुलगा वॉकर घेऊन गेला. काही दिवसांनी त्याचा फोन. "ताई, आई उठतच न्हाय. डॉक्टर बोलले, आता चालली न्हाय तर कायमची पडून राहील. तिला सांगितलं, तर भिंतीकडं तोंड करून झोपते. बोलते, माझं झालं आता."

ताई आणि मी गेलो. म्हातारी पलंगावर बसलेली, समोर वॉकर, आणि वॉकरवर तिची धुतलेली लुगडी वाळत घातलेली. मला वाटलं ताई आता समजूत काढतील. त्यांनी लुगडी उतरवली, घडी केली आणि मला म्हणाल्या, "पाटील, उचला. आजींना नकोय. दुसरी पेशंट वाट बघतेय."

म्हातारीने मान वळवली. "कोन पेशंट?"

"आहे एक. तुमच्याच वयाची. भराभर चालायची इच्छा आहे तिला."

"मंग मी लुगरी कुठं वालवू?"

"ते तुमचं तुम्ही बघा. पाटील, चला!"

मी वॉकरला हात घातला. तेवढ्यात पलीकडून म्हातारीने दोन्ही हातांनी तो धरला आणि ताडकन उभी राहिली. "न्हाय देनार!" एवढं बोलून तिने वॉकर पुढे रेटला. वॉकरच्या पुढे मी. मी मागे मागे, ती पुढे पुढे, अशी आमची वरात थेट दारापर्यंत आली.

मुलगा आईच्या पायांकडे बघत ढसाढसा रडायला लागला.

"रडतं काय?" म्हातारी कडाडली. "या मानसाला आधी भायेर काड!"

आता ती शेतावर जाते. त्या घरून ताईंना भाजी येते. मला अजून चोर म्हणतात.

* * *

राहनाळच्या एका आजोबांकडून आमची व्हीलचेअर परत येईना. आम्ही आणायला गेलो तर दारात मांडव, नातवाची हळद, डीजे. मधोमध आजोबा. खुर्चीला झेंडूच्या माळा, दोन्ही हात वर, आणि नातेवाईक त्यांना खुर्चीसकट गरगर फिरवताहेत.

गाणं थांबल्यावर ते पाणी प्यायला उठले आणि चालत माठापर्यंत गेले! सलीमभाई मागोमाग गेले. "आजोबा, पाय तर एकदम ठीक दिसतो!"

आजोबांनी इकडेतिकडे बघितलं. "हलू बोल रं. उबा रायलो का सगली मना काम सांगतान!"

लग्न लागेपर्यंत खुर्ची तिथेच ठेवली. काही आजार असे असतात.

* * *

आता शेवटचा. सलीमभाई समोर असले की हा सांगू देत नाहीत. आज ते शेडमध्ये नाहीत.

रामसूरत नावाचा एक लूम कामगार आईसाठी व्हीलचेअर घेऊन गेला होता. यूपीहून आईला इथे आणलेलं, तिला दुसरं कुणी नव्हतं. शिफ्ट सुटली की तिला खुर्चीत बसवून नाक्यापर्यंत फिरवून आणायचा. खड्डे, टेम्पो, हॉर्न, आणि म्हातारी राणीसारखी बघत बसलेली. मग ती वारली. त्याने खुर्ची धुऊन, पुसून आणून दिली. आम्ही चहा दिला. तो पिऊन गेला.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तो परत आला. दारात उभा.

"कुछ चाहिए?" सलीमभाईंनी विचारलं.

"नहीं."

तिसऱ्या दिवशी पुन्हा तसाच. भारतीताईंनी त्याला आत बोलावलं. तो हाताचे तळवे बघत बसला. मग म्हणाला, "शिफ्ट के बाद माँ को घुमाता था. अब शिफ्ट छूटती है तो समझ में नहीं आता, किधर जाऊँ."

  

सलीमभाई उठले. टोपी नीट केली, व्हीलचेअर ओढली आणि स्वतः तिच्यात बसले.

"चल," ते म्हणाले. "नाके तक. और सुन, गड्ढे देख के. तेरी माँ जितना सब्र नहीं है मेरे में."

रामसूरत हसला की रडला, आम्हाला पाठमोरा होता, दिसलं नाही. गेले दोघं.

बराच वेळ झाला तरी येईनात, म्हणून मी आणि ताई रस्त्यावर जाऊन उभे राहिलो. लांबून ओरडा ऐकू आला, "साइड! साइड!" टेम्पोवाले वाट करून देत होते.

खुर्ची सलीमभाई ढकलत होते. आत रामसूरत बसला होता.