उंट आधी आला त्या दिवशी

पन्नास सालानंतर पिंपरीच्या नव्या कारखान्यात लागलो, तेव्हा मी दुसरीपर्यंतच शिकलेला होतो. पण बुद्धिबळात कुणाला जुमानत नव्हतो. आमच्या दिघीत प्यादं एकेक घरच चालायचं. कारखान्याच्या सामन्यात ते पहिल्यांदा दोन घरं चालायचं, म्हणून खात्यातला चिंचवडचा फिटर जेवणाच्या सुट्टीत पुस्तक वाचून मला काळ्या मोहऱ्यांची उत्तरं शिकवायचा. समोरच्यानं वजिराचं प्यादं दोन घरं आणलं की आपणही आणायचं. मग त्यानं उंटापुढचं प्यादं आणलं, की आपण राजापुढचं प्यादं एक घर सारायचं. मी सगळं पाठ केलं.

“पण त्यानं प्यादं सोडून उंटच बाहेर काढला तर? तेही बघून ठेवू, राव,” फिटर म्हणाला.

“असलं कोण खेळतंय? न्हाई लागत.”

सामन्यात समोरच्या कारकुनानं दुसऱ्याच चालीला उंट काढला. मी हट्टानं पाठ केलेलीच उत्तरं देत राहिलो. माझाच उंट माझ्या प्याद्यांमागं कोंडला आणि मी हरलो.

“काय पैलवान, इतक्यात चीत?” खात्यातली माणसं हसली.

मी फिटरकडं बोट केलं. “यानंच मला अर्धवट शिकवलं.”

दुसऱ्या दिवशी सुट्टीत फिटर मात्र पुस्तक उघडून बसला होता. “या, तो उंट बघू,” म्हणाला.

चूक माझी होती, एवढंच चारचौघांत बोलायचं होतं. मी डबा उचलून लांब जाऊन बसलो. खात्यात त्याला पुढं सगळे अर्धवट मास्तर म्हणायचे, आणि मी नुसतं ऐकायचो.