सोपटाची दोरी

गजरा बांधायला आज केळीच्या खोडाचं सुकं सोपट भिजत घातलं आणि त्याच्या ओल्या, तुरट वासाने मला भुईगावच्या किनाऱ्यावर नेऊन उभं केलं.

आमची केळीची वाडी होती. ओहोटीला वाळू घट्ट झाली की बाबा सोपटाची दोरी आडवी टाकायचे. तीच शर्यतीची शेवटची रेषा. तिच्यावरच ते हात पसरून उभे राहायचे. त्यांना धडकू नये म्हणून माझे पाय शेवटी आपोआप आखडायचे. लहानपणापासून मी तशीच पळत आले. त्यात काही चुकतंय असं आम्हा दोघांनाही कधी वाटलं नाही.

पुढे भारताची जर्सी घालून परदेशात धावले. रेषेजवळ मीच पुढे होते. तिथेच पाय आखडले आणि शेजारच्या मुली मला मागे टाकून गेल्या. पदक हुकलं. मी घरी परतले. ती शर्यत बाबांनी तोवर टीव्हीवर पुन्हा पुन्हा पाहिली होती.

दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांनी दोरी टाकली आणि तिच्यावर न थांबता चालतच राहिले. पार लांब जाऊन वळले.

"माझ्याकडे ये, बाय! दोरीकडे बघू नको!"

इतक्या वेगाने मी आयुष्यात कधी धावले नव्हते. पोचले तेव्हा बाबा टॉवेलने तोंड पुसत होते. घाम असेल, असं वाटलं.

भारताच्या संघात मला पुन्हा जागा मिळाली नाही. आणि पहाटेच्या त्या गार वाऱ्यात नुसतं चालून आलेल्या माणसाला घाम कसला, हे मला आज सुचतंय.