कोऱ्या हंगामाची हरकत

माजलगाव तालुक्यातल्या आश्रुबाला चुलतभावाचं बरं झालेलं कधी सोसलंच नाही. निवृत्तीच्या बोअरला पाणी लागलं, तर हा म्हणाला, "आटंल की उन्हाळ्यात!" निवृत्तीची पोरगी नर्स झाली, त्या दिवशी ह्याच्या घशाखाली घास उतरला नाही. बांधाला बांध असलेले दोघं, पण काही अडलं की गाव निवृत्तीच्याच ओट्यावर जाऊन बसायचं. आश्रुबाच्या ओट्यावर कुत्रं झोपायचं.

अशात साखर कारखान्याची निवडणूक लागली. संचालकाच्या एकाच जागेला दोघांचेच अर्ज आले, अन् आश्रुबाच्या अंगाची लाही लाही झाली. मतदान झालं तर आपण आपटणार, हे त्याला पक्कं ठाऊक. मग निवृत्तीचा अर्जच उडवायचा!

तसं निमित्तही होतं. ठरलेले हंगाम कारखान्याला ऊस घातला नसला, तर सभासदाला उभं राहता येत नाही. मागं एकदा विजेच्या तारांची ठिणगी पडून आश्रुबाचा ऊस जळाला, तेव्हा निवृत्तीनं आपला सगळा ऊस त्याच्या नावावर घातला होता. भावाभावांत असं चालतंच. आश्रुबाचा हंगाम भरला, निवृत्तीच्या नावाला तो कोरा राहिला. त्याच हंगामावर आता आश्रुबानं हरकत घेतली.

"आवो, लाज हाय का न्हाई?" बायको बायनाबाई कडाडली. "तुमच्यासाठीच गेलता तो ऊस!"

"तू गप बस. कायदा म्हंजी कायदा!"

छाननीत अधिकाऱ्यानं हरकत फेटाळली. आश्रुबा थेट संभाजीनगरला हायकोर्टात गेला. तिथं निवृत्तीला त्याचा वकील बाजूला घेऊन विनवत होता, की खरं काय ते सांगू द्या, उलट समोरच्याचाच अर्ज उडंल. ते आश्रुबाच्या कानावर पडलं. पण जजसमोर निवृत्ती एवढंच म्हणाला, "त्या साली माझ्या नावावर ऊस गेला न्हाई." त्याचा अर्ज बाद झाला.

आश्रुबा बिनविरोध निवडून आला. गुलाल उधळला, डीजे लागला. मिरवणूक निवृत्तीच्या दारात आली अन् निम्मी माणसं त्याला रामराम घालायला आत वळली. आश्रुबाचं डोकंच फिरलं. तोही तरातरा अंगणात घुसला.

"कोर्टात बोल्ला कावून न्हाई बे? लई मोठा हायस, हे दावायचं व्हतं का मला?"

"दादा, बोल्लो असतो तर तुमचाच अर्ज उडाला असता," निवृत्ती म्हणाला. "मंग तो ऊस घालून उपयोग काय? बसा, च्या घ्या."

त्यानं शिवी दिली असती, निदान तोंड फिरवलं असतं, तर आश्रुबाला गोड झोप लागली असती. आता पाच वर्षं खुर्चीत बसायचं, ते ह्याच्या मेहेरबानीवर! गुलालानं माखलेला नवा संचालक भरल्या अंगणात संतापानं रडायला लागला. लोकांना वाटलं, भावाची माया उफाळून आली. चौघा-पाचांनी पुढं होऊन निवृत्तीचीच पाठ थोपटली.