भूल देणारीनं ऐकलेलं

मी भूल देणारी डॉक्टर. राहते दौंडला, पण शिरूर, शिक्रापूर, पाटस, जिथून फोन येईल तिकडं गाडी काढायची. पेशंट झोपला की सर्जन मोकळेपणानं बोलतात. त्यामुळं माझ्याकडं किस्से इतके साठलेत, की लग्नाकार्यात लोक मला घेरूनच बसतात. हल्ली सांगताना मला मात्र हसू येत नाही.

•

माझा बॅचमेट माधव शिरूरला सर्जन आहे. सुरुवातीला त्यानं ठरवलं होतं, पेशंट पाठवणाऱ्या डॉक्टरांना कट द्यायचा नाही. दवाखाना ओस पडला! शेवटी त्यानं शिक्रापूरच्या एका डॉक्टरांना विचारलंच, "पेशंट का पाठवत नाही?"

"पाठवतो की! पण वाटेत त्यांना दुसरे दवाखाने लागतात!"

पुढच्या महिन्यापासून माधवनं पाकीट सुरू केलं. पेशंट थेट यायला लागले. पाकीट अर्थातच त्यांच्या बिलातून.

•

माधव सकाळी एका कंपनीत पगारी डॉक्टर म्हणून बसायचा. एका कामगाराला हर्निया होता. "वजन उचलू नका, ऑपरेशनची घाई नाही," माधव त्याला म्हणाला. तोच माणूस संध्याकाळी बायकोला घेऊन माधवच्या स्वतःच्या दवाखान्यात आला. माधव म्हणाला, "उद्याच करू! आतडं अडकलं तर?"

कामगार घाबरून म्हणाला, "सकाळपास्नं एवढं वाढलं व्हय?"

•

माधवकडंच एकाच दिवशी अपेंडिक्सचे दोन पेशंट. एक सरकारी योजनेतला, त्याचं पॅकेज ठरलेलं, म्हणून झटपट घरी. दुसऱ्याचा मेडिक्लेम. त्याला पुन्हा सोनोग्राफी, पुन्हा रक्त, पुन्हा सलाइन. त्याची बायको योजनेवाल्याच्या बायकोला रडत म्हणाली, "तुमचं नशीब चांगलं. आमच्यांना कायतरी मोठं निघालंय, डॉक्टर सांगंनात!"

मी शेजारीच उभी होते. लाजेनं मान वर होईना.

•

आणि हे आबा. मूतखड्याची केस. पाठीच्या कण्यात सुई देऊन भूल द्यायची, त्यासाठी पाठ वाकवून कसं बसायचं ते आबांना आधीच सांगून ठेवलेलं. मी शिरूरला पोचले तर आबा टेबलावर बसून हसत होते. कागदाची पुडी पुढं केली. "पहाटं पडला बघा. आता दुखत न्हाई."

मी सोनोग्राफी परत करायला लावली. खडा नव्हता. "आबा, सुटलात! घरी जा!"

माधवनं मला बाजूला घेतलं. "दुर्बीण घालून एकदा बघून घेऊ. ऑपरेशन झालं नाही तर तुला काहीच मिळणार नाही. एवढी दौंडहून आलीस."

माझ्यासाठी! मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "नको," एवढंच बोलले.

पण आबांचे कान तिखट.

"म्याडम दौंडवरनं आल्यात? माझ्यापायी?" त्यांनी सदरा वर केला आणि पाठ वाकवून बसले. "मंग मोकळं कसं पाठवायचं? घाला ती सुई!"