सगळ्या गावांचा एकच दिवस

"ताई, गावमा लोके इचारी ऱ्हायनात, बाबानी गावना दिवस इकी दिन्हा का?" जात्र्याबाबा फोनवर म्हणाले. गावाचा दिवस विकल्याचा आळ त्यांच्यावर आला होता, तरी आवाज चढलेला नव्हता. म्हणूनच मला जास्त लागलं.

जात्र्याबाबा मोलगीजवळच्या एका पाड्यावरचे. घरी पावरी बोलतात, माझ्याशी बाजारातली अहिराणी. सातपुड्यात सगळ्या गावांची दिवाळी एका दिवशी नसते. प्रत्येक गाव आपला दिवस ठरवतं आणि नातलगांच्या गावांना निरोप धाडतं. बाबांच्या गावाचा निरोप बाबा धाडतात. हे मानाचं काम आहे, आणि ते माझ्यामुळे जाण्याची वेळ आली होती.

मी तळोद्यात घरी बसून पुण्याच्या एका मोबाइल गेम कंपनीसाठी लोर लिहिते. लोर म्हणजे खेळातल्या जगाचा इतिहास, रीतभात, सणवार. सगळं काल्पनिक. त्यांच्या एका गेमसाठी मी 'वेळुकी' नावाचे डोंगरी लोक रचले आणि त्यांना कॅलेंडर दिलं. महिने नऊ. त्यातल्या चिंगाळ महिन्याचं नाव शेजारच्या चिंगी नावाच्या शेळीवरून घेतलं. या कॅलेंडरात वर्ष सगळीकडे एकदम बदलत नाही. नवं वर्ष एका वस्तीवर उतरतं, तिथला पाहुणचार झाला की पुढच्या वस्तीवर जातं. ओढ्याच्या अलीकडे नवं वर्ष, पलीकडे अजून जुनंच. निरोप येईल तसं खेळणाऱ्यानं वस्ती-वस्तीवर जायचं.

ही एवढी कल्पना मी डोंगरातून घेतली होती आणि ते बाबांना सांगितलंही होतं. निरोपाचा आवाज खरा हवा म्हणून त्यांनी पावरीत आमंत्रण रेकॉर्ड करून दिलं. एकच अट घातली.

"खेळ कर. पन हाई आमनं नई शे, हाई सांगजो."

हे डोंगरातलं नाही असं स्पष्ट सांगेन, असा मी शब्द दिला.

पहिली ठिणगी पुण्याहून पडली. निखिल सर आमचे प्रोड्यूसर, म्हणजे गेमचे सगळे निर्णय त्यांचे.

"प्रत्येक वस्तीचं नवं वर्ष वेगळ्या दिवशी? मॅडम, मग इव्हेंट कसा करायचा?"

इव्हेंट म्हणजे सगळ्या खेळणाऱ्यांना एकाच दिवशी बोलावून त्यांना ढोल, कपडे, तलवारी विकायचा दिवस.

"इव्हेंट फिरता ठेवा, सर. गंमत त्यातच आहे."

"यूजर कन्फ्यूज होतो. एकच दिवस करा."

मी भांडले आणि हरले. कॅलेंडरचा कणाच काढून घेतला, आणि वर मलाच म्हणे त्या एका दिवसाला छानसं नाव सुचवा. मी सुचवलं नाही. त्यांनी 'महापर्व' ठेवलं.

मग ट्रेलर आला. मागे बाबांचा आवाज आणि त्यावर ठळक अक्षरं: 'सातपुड्याच्या आदिवासींचं हजारो वर्षांचं गुप्त कॅलेंडर, प्रथमच जगासमोर!' माझ्या अंगाचा तिळपापड झाला. एका गृहस्थांनी तर लगेच व्हिडिओ करून चिंगाळ महिन्याचा कुठल्याशा नक्षत्राशी संबंध जोडला. चिंगी तेव्हा आमच्या कुंपणाचा पाला खात होती.

बाबांचा तो फोन आला आणि मी तो ठेवून लगेच सरांना लावला.

"सर, हे धडधडीत खोटं आहे. कॅलेंडर मी रचलंय."

"अहो, ऑथेंटिक वाटायला नको का?"

"वाटू द्या की. तुम्ही तर ते खरंच आहे म्हणताय."

"तिकडे कोण बघतंय ट्रेलर?"

तिकडे! मी राहते त्याच जिल्ह्याला हा माणूस माझ्याशी बोलताना 'तिकडे' म्हणत होता. तिकडच्या लोकांकडेही मोबाइल असतात, आणि आपल्या माणसाचा आवाज ते पहिल्या शब्दाला ओळखतात. मी फोन ठेवला आणि दुसऱ्या दिवशी जीप धरली.

बाबांच्या अंगणात गाव जमलं होतं. सगळ्यांनी ट्रेलर पुन्हा पाहिला. बाबा मला म्हणाले, "तू रचेल शे ना? मंग तुन्हा तोंडवरी सांग."

मी सांगितलं. शेळीचंही सांगितलं. कोणी हसलं नाही. गावकारभारी म्हणाले, आवाज तर बाबाचाच आहे. बाबा जमिनीकडे बघत बसले होते. मला स्वतःची लाज वाटली आणि त्या पुण्याच्या माणसाचा संताप आला.

तेवढ्यात बाबांची भावजय बोंडीबाई पुढे आली. तिनं ट्रेलरचा शेवट परत लावायला सांगितला. त्यात महापर्वाला सगळ्या वस्त्यांवर एकदम ढोल वाजतात.

"सगळा गावंसना एकच दिवस?" तिनं विचारलं.

"हो."

"मंग पाव्हना कोन? सगळा आपला घर बसतीन, तं कोना घर कोन जाई?"

मग एक जण फिसकन हसला आणि सगळं अंगण हसायला लागलं. पावरीत थट्टा सुरू झाली. मला अर्धीच कळली, पण बाबांनी मान वर केली होती. कारभाऱ्यांनी निकाल दिला, "हाई आमनं नई शे. असं येडं काम आमनं कसं ऱ्हाई?"

बाबा सुटले, पण माझ्या शब्दामुळे नाही. सरांनी माझ्याशी भांडून जो मूर्खपणा कॅलेंडरात घातला होता, त्यानं ते सुटले. आनंद झाला, पण राग काही गेला नाही.

घरी येऊन ट्रेलरखाली माझ्या नावानिशी लिहिलं: हे कॅलेंडर तळोद्यात, माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर रचलेलं आहे. शेळीचा फोटोही टाकला. कंपनीनं ट्रेलरमधली 'गुप्त कॅलेंडर'ची ओळ काढली, बाबांनी सांगितल्यावर त्यांचा आवाजही काढला. माफी मागितली नाही. मला पुढचं काम दिलं नाही. मी मागितलंही नसतं.

काही दिवसांनी सरांचा फोन आला. "मॅडम, आता खऱ्या दिवाळीवरच व्हिडिओ करतोय. एक डेट द्या, टीम पाठवतो."

"कुठल्या गावची?"

"अहो, सगळ्यांची!"

मी या धंद्यात एवढंच शिकले, की काल्पनिक गोष्ट लिहून देताना 'ही काल्पनिक आहे' हे करारात आधी घालून घ्यावं. नंतर ते सांगायला जीप करून जावं लागतं.

सरांना मी म्हटलं, "निरोप आल्याशिवाय तिथे कोणी जात नाही."

यंदा बाबांचा निरोप मला आला. मी गेले.