सुनेची केस पनवेलला आली

गेल्या मंगळवारी माझी सून पनवेलच्या कोर्टात तारखेला गेली आणि दुपारी घरी येऊन जेवली. यात सांगण्यासारखं काय, असं वाटेल तुम्हाला... आमच्या घरात ती मोठी गोष्ट आहे.

केस माझ्याच मुलाने टाकली आहे. निलेश नोकरीसाठी सोलापूरला गेला, दोघांचं पटेनासं झालं, आणि त्याने तिथेच घटस्फोटाचा अर्ज केला. सून दर्शना तीन वर्षांच्या पोराला घेऊन इथे पनवेलजवळ गव्हाणला माझ्याकडेच राहिली... घर माझ्या नावावर आहे, कोणी राहायचं ते मी ठरवते.

भावकीतली एक विचारायची, "पोरगा बाहेर नि सून घरात, ही कुठली रीत?" मी सांगितलं, "तुझी दोघं घरात हायत, तरी तू चहाला माझ्याकडंच येतेस." परत विचारलं नाही तिने.

पण प्रत्येक तारखेला दर्शनाची फरफट. रात्रभर प्रवास, दिवसभर कोर्टात बसायचं, पुढची तारीख घ्यायची आणि परत रात्रभर प्रवास. नवीन पनवेलला दातांच्या दवाखान्यात कामाला आहे ती... डॉक्टरने सांगून टाकलं, आता सुट्टी घेतलीस तर दुसरी मुलगी बघतो. आणि तारखेला गेली नाही तर तिकडे तिच्या माघारी निकाल लागणार.

म्हणून आमच्या वकील मॅडमनी केस पनवेलला आणायचा अर्ज मुंबईला हायकोर्टात टाकला. तर निलेशच्या वकिलाने उत्तर दिलं, मुलाला सांभाळायला त्याची आजी घरात आहे, मग बाईला यायला अडचण काय... म्हणजे मी धडधाकट बसले आहे, हीच तिची चूक.

"लिवा मग, मी नाय सांभाळत पोराला," मी मॅडमना म्हटलं.

"आजी, खोटं नाही लिहिता येत."

दर्शना शेजारी मान खाली घालून बसली होती. तिला खरं माहीत होतं, पण माझी ताकीद होती, माझं दुखणं चार लोकांत बोलायचं नाही. केस हरली असती, पण तोंड उघडलं नसतं पोरीने.

शेवटी मीच बोलले. "खरं लिवा. मला साखर हाय. दोन टाइम इन्सुलिनची सुई लागते, त्या पेनावरचा आकडा मला दिसत नाय. ही सोलापूरला गेली का मी शेजारणीची वाट बघत बसते. पोराला मी बघते, नि मला ही बघते."

मला कुणाची गरज आहे, असं मी उभ्या जन्मात कुणाला सांगितलं नव्हतं. दर्शनाने पदर डोळ्याला लावला. मी म्हटलं, "रडू नको, मॅडमचा टाइम जातो."

मॅडमनी ते लिहून त्यावर माझी सही घेतली. कागद कोर्टात गेला, तसा निलेशचा फोन आला. "आई, तू माझ्याविरुद्ध सही केलीस?"

"तुझ्याविरुद्ध नाय, त्या रात्रीच्या गाडीविरुद्ध."

मग म्हणाला, "सुई कधी चालू झाली? मला बोलली नाहीस."

"तू फोन करतोस तवा तुझंच रडगाणं असतं. मी कुठं बोलू?"

त्याने फोन ठेवला. मला वाटलं, हा आता तुटला... पण पुढच्या वेळी त्याच्या वकिलाने हायकोर्टात सांगितलं, केस पनवेलला जायला आमची हरकत नाही.

तर मंगळवारची ती पनवेलची पहिली तारीख. दर्शना घरी आली, आणि तिच्यामागून थोड्या वेळाने निलेश आला. स्वतःच्याच घराच्या दारात पाहुण्यासारखा उभा...

माझी जेवणाआधीची सुई व्हायची होती. दर्शनाने पेन काढलं, तसा तो म्हणाला, "मी देऊ?" ती त्याच्याकडे न बघता म्हणाली, "पोटाला द्यायची. बेंबीपासून लांब. लगेच काढू नका, दहा मोजा." एवढं मोठं माणूस, शाळेतल्या पोरासारखं मोठ्याने दहा मोजलं त्याने.

"दुखलं का, आई?"

"दुखलं. हिच्या हाताला नाय दुखत."

दर्शना हसली. तोही हसला... मी दोघांना वाढलं.

यावरून लगेच गोड काही समजू नका. केस चालूच आहे, पटत नाही ते नाहीच पटत, रात्री तो सोलापूरला गेलाही. पण आता तारखेला यायचं त्याने, आणि पनवेलला आलं की आईचं घर जवळच पडतं. अर्ज सुनेच्या सोयीसाठी होता... मुलगा माझ्या नजरेला पडू लागेल, हे कुणी त्यात मागितलं नव्हतं. मीसुद्धा नाही.