तुळशीदास तांडेलाने होडी वळवली

एकोणीसशे अठ्ठ्याहत्तर सालची दिवाळी तोंडावर आली होती. अर्नाळ्याच्या होड्या जाळी काढायला खोल पाण्यात गेल्या होत्या आणि दुपारी अचानक वारा फिरला.

तुळशीदास तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या. त्याच्या होडीवर त्याच्यासकट सात माणसं होती. जाळं अर्धं वर आलं असताना एक लाट आडवी बसली आणि हरिश्चंद्र पाण्यात गेला. त्याला सगळे हरीकाका म्हणत. साठी ओलांडलेला, जरा चाललं की धाप लागणारा, घरी ना बायको ना पोर. तुळशीदासाच्या बापाबरोबर त्याने उभा जन्म समुद्रावर काढला होता, म्हणून तुळशीदासाने त्याला होडीवर ठेवलं होतं.

"जालं तोडा!" तुळशीदास ओरडला आणि त्याने सुकाणू फिरवलं.

वळताना होडी लाटांना कुशीवर घेत होती. मोरेश्वर नावाचा तरणाबांड खलाशी कठड्यावरून अर्धा बाहेर वाकला, त्याने हरीकाकाच्या बंडीला हात घातला आणि त्याला आत ओढलं. लगेच दुसरी लाट आली. ती ओसरली तेव्हा मोरेश्वर होडीवर नव्हता.

तुळशीदास पुन्हा वळला. पोराचं डोकं दिसत होतं तोवर वळत राहिला. मग डोकं दिसेनासं झालं. मशीनमध्ये पाणी शिरायला लागलं. तेव्हा कुठे त्याने होडीचं तोंड किनाऱ्याकडे केलं. मोरेश्वराला समुद्राने राजोडीच्या वाळूवर आणून टाकलं, तेही दिवाळी उलटल्यावर.

दिवसकार्य झालं आणि देवीच्या देवळासमोर जमात, म्हणजे कोळ्यांची पंचायत, बसली. मधोमध पाटील, भोवती तांडेल, मागे खलाशी, आणि कडेला डोक्यावर पदर घेऊन बायका. बोलायला उठले हिलरी मास्तर. ते वसईच्या शाळेत शिकवायचे आणि मच्छीमार सोसायटीचे चिटणीस होते. माणूस तळमळीचा. होड्यांना मशिनी मिळाव्यात म्हणून त्यांनी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले होते, त्यामुळे त्यांच्या शब्दाला वजन होतं.

"तुळशीदासवर माझा राग नाही," मास्तर म्हणाले. "पण एका माणसासाठी सहा जणांचा जीव पणाला लागला. सहा जणांमागे सहा घरं. शेवटी म्हातारा वाचला आणि तरुण गेला. जगात मोठमोठ्या माणसांनी यावर विचार केलाय. कायदे त्यावर बेतलेत, सरकारं त्यावर चालतात. जास्तीत जास्त लोकांचं जास्तीत जास्त भलं ज्यात आहे, ते करावं. कठोर वाटतं, पण त्यातच दया आहे. म्हणून जमातीने ठरवावं, की वादळात माणूस पडला तर दोर फेकायचा, फळी फेकायची, पण होडी वळवायची नाही."

पाटलाने मान हलवली. बरेच तांडेलही मान हलवत होते. त्यांना घरी परत यायचं होतं, त्यात गैर काही नव्हतं.

तुळशीदास उठला. बोलण्यात तो कधीच हुशार नव्हता.

"मास्तर, हरीकाका पडला तवा मी मोजलं नाय. म्हातारा का तरना, एक का सहा, काय नाय मोजलं. मानूस पान्यात होता. मी वळलो. उद्या परत कोन पडला तर परत वळंन."

"आणि सगळे गेले तर?" पाटलाने विचारलं.

"तर माजं पाप. पन पाटीलबाबा, तुमी मला मोजायला लावता ना, तवा आमच्यातला एक तुमी आताच पान्यात टाकलाय. फक्त कोन, ते ठरायचंय."

गलका झाला. तेवढ्यात कडेला बसलेली कृष्णाबाई उठली. ती मोरेश्वराची आई. सगळे आपोआप गप्प झाले.

"माजा पोर पडला," ती तुळशीदासाकडे बघत म्हणाली, "तवा तू थांबलास का?"

"दिसत होता तवर वळलो, बाय. दिसंनासा झाला तवा थांबलो."

"सहा जन होते म्हनून नाय थांबलास?"

"नाय. तो नव्हता म्हनून थांबलो."

ती मग पाटलाकडे वळली. "याचं तोंड मला बघायचं नाय. पन माज्या पोरासाठी होडी वळली होती, एवढंच माज्याकडं उरलंय. तुमी आज ठरवलंत का वळायचं नाय, तर ते बी चूक ठरंल. हात जोडते, असं ठरवू नका."

तरीही ठरलं. तांडेल एकेक करून देवळात गेले आणि नारळावर हात ठेवून शपथ घेऊन आले. तुळशीदासाची पाळी आली तेव्हा त्याने देवीला नमस्कार केला, पण नारळाला हात लावला नाही. "आई, तुज्यासमोर खोटं बोलनार नाय," एवढं सगळ्यांच्या देखत बोलला आणि पायऱ्या उतरून घरी गेला.

जमातीने त्याला वाळीत टाकलं. मासळी वाळत घालायच्या ओट्यावरची त्याची जागा गेली. घरच्या लग्नाचं आमंत्रण सख्ख्या चुलतभावाने दिलं नाही. खलाशी एकेक करून दुसऱ्या होड्यांवर गेले.

सगळ्यात जास्त खचला हरीकाका. त्याने जेवण सोडलं. तुळशीदासाची बायको मालन रोज ताट घेऊन जायची आणि तसंच परत आणायची. एके सकाळी तुळशीदास स्वतः त्याच्या झोपडीत गेला.

"मला कशाला काढलास रं?" हरीकाका भिंतीकडे तोंड करून म्हणाला. "माजं काय ऱ्हायलंय? तो पोर जगायला हवा होता."

तुळशीदासाचा संताप उसळला. "पान्यात होतास तवा तुजी किंमत मी नाय केली. आन आता तू सोताच करायला बसलास? मोऱ्यानं तुला ओढला तवा त्यानं केली? ऊठ! होडीवर मानूस नाय. ऊठ आन चल!"

म्हातारा उठला. तुळशीदास, हरीकाका आणि मालनचा भाऊ असे तिघं होडी लोटायला लागले. खोल पाण्यात जाणं तिघांचं काम नव्हतं. ते जवळच जाळी टाकत, आणि जे मिळेल ते मालन वाड्यांमधून फिरून विकत असे.

थोड्या दिवसांनी हिलरी मास्तर घरी आले. त्यांना हे टाकणं मंजूर नव्हतं. ओटीवर बसून म्हणाले, "तुझ्या बाजूने मांडता येईल असं एक सापडलंय मला. होडी वळणार हे माहीत असलं की खलाशी बिनघोर काम करतात. भरवसा वाढतो, काम वाढतं, म्हणजे शेवटी जास्त लोकांचं भलं वळण्यातच आहे. असं मांडलं तर जमात ऐकेल."

तुळशीदासाने त्यांच्यापुढे चहा ठेवला. "नको, मास्तर."

"अरे, तुझ्याच फायद्याचं आहे!"

"उद्या कोनी उलटा हिशोब दाखवला, का वळन्यात भलं कमी पडतंय, तर तुमी पडलेल्याला सोडाल. तुमचं भलं मोजन्यावर उभं हाय. माजं नाय."

मास्तर वाद घालत राहिले. रेशनचं धान्य, देवीच्या रोगाची लस, धरणं, सगळी उदाहरणं दिली. मोजल्याशिवाय गाव चालत नाही, हे त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं आणि तुळशीदासाने ते खोडलंही नाही. "गाव चालवा मोजून," तो म्हणाला, "होडीवर मी हाय तवर तिथं नाय." मास्तर न पटताच उठले.

मोसम सरता सरता तुळशीदासाच्या दारात दोन खलाशी आले. त्यांच्या बायकांनीच पाठवलं होतं. आमचा माणूस तुझ्याच होडीवर बसेल, असा निरोप होता. पुढच्या नारळी पौर्णिमेनंतर त्याची होडी पुन्हा खोल पाण्यात गेली.

त्याच वर्षी पाटलाच्या पुतण्याच्या होडीवरून एक खलाशी वाऱ्यात पडला. पुतण्याने नारळावर हात ठेवला होता, पण त्याने होडी वळवली आणि माणूस काढला. किनाऱ्यावर शपथेचा कोणी उच्चार केला नाही. माणूस वाचला होता, आता उकरून काय काढायचं?

तुळशीदासाने उकरलं. जमात बसली तेव्हा तो न बोलावता गेला आणि मधोमध उभा राहिला.

"याला टाका," तो पुतण्याकडे बोट दाखवत म्हणाला. "मला टाकलंत तसं."

"तुळश्या, गप बस," पाटील पुटपुटला. "मिटलं ते."

"कसं मिटलं? शपथ तशीच हाय. उद्या एखादा नवा तांडेल खरंच पालंल ती. कोनाचा तरी पोर हात वर करून ओरडत ऱ्हाईल आन होडी जाईल निघून. टाका याला, न्हायतर शपथ मोडा. दोनातलं एक आज करा. तवर मी हालनार नाय."

हिलरी मास्तरही बसले होते. त्यांनी चष्मा काढला, पुसला आणि म्हणाले, "मला अजूनही वाटतं माझा हिशोब चुकला नव्हता. पण इथे कोणी तो पाळणार नसेल, तर शपथ ठेवू नये."

त्या संध्याकाळी पाटलाने देवळात जाऊन देवीची क्षमा मागितली आणि जमातीला शपथेतून मोकळं केलं. तुळशीदासाला ओट्यावरची जागा परत मिळाली. माफी कोणी मागितली नाही, आणि त्यानेही ती मागून घेतली नाही.

कृष्णाबाई त्याच्याशी मरेपर्यंत बोलली नाही. वाटेत तो दिसला की ती तोंड फिरवायची. तो मात्र दर वेळी थांबायचा, ती पुढे जाईपर्यंत वाट सोडून उभा राहायचा, आणि मग होडीकडे जायचा.